एक उणे वीस

ओबदुलियाच्या स्वयंपाकघरात
खाटकाने फुकट दिलेलं कॅलेंडर.
सप्टेंबरच्या सोळावर झेंडा छापलाय.
एकोणिसाची चौकट कोरी,
पण दर वर्षी, नव्या कॅलेंडरवरही,
आधी तीच मळते. अंगठा टेकून टेकून.

तिच्या भाषेत एकोणीस म्हणजे दहा आणि नऊ,
सरळ बेरीज.
माझ्या भाषेत ती वजाबाकी:
एक उणे वीस.
हे मी तिला सांगितलं नाही.
तिने न सांगताच मोजलं होतं.

पंच्याऐंशी साल. गुरुवार.
शिवणकारखान्यात तिसऱ्या मजल्यावर
वीस यंत्रं, वीस बायका, सातचा भोंगा.
ओबदुलिया सरकारी दुधाच्या रांगेत अडकलेली,
पुढे एक म्हातारा, सुटे पैसे मोजत,
सावकाश, नाणं नाणं उजेडात धरून.
मनातल्या मनात तिने त्याला शिव्या घातल्या.
सात वाजून एकोणीस मिनिटं.
आधी किटलीतलं दूध हललं,
मग रांग,
मग रस्त्याच्या टोकाचं आभाळ
धुळीने भरून आलं.

ढिगाऱ्यातून आधी तिजोरी निघाली.
मग कापडाचे तागे.
बायका नंतर.
मुकादम नेमेसिओ वही घेऊन उभा होता,
म्हणाला, वीस.
ओबदुलिया म्हणाली, नाही, मी इथे आहे.
त्याने वीस खोडून एकोणीस लिहिलं.
त्या एका खोडीत ती अजून राहते.

तिथी असती तर चंद्राबरोबर मागेपुढे सरकली असती.
तारीख हटत नाही.
म्हणून त्या दिवशी शहर दर वर्षी सराव करतं:
खांबावरचे कर्णे ओरडतात,
कचेऱ्या, शाळा, दुकानं जिने उतरतात,
कुणी अर्धा कापलेला पेरू हातात घेऊन.

बत्तीस वर्षांनी, सतरा साली,
अकराचा सराव आटोपून लोक वर गेले.
ओबदुलियाने घेवडा शिजत टाकला.
सव्वाला मिनिट कमी असताना
जमीन खरीच आली.
संध्याकाळी कोपऱ्यावरच्या ढिगाऱ्यावर
कुणीतरी मूठ वर केली,
आणि मुठीमागून मूठ, सारा रस्ता गप्प.
ट्रक गप्प. कुत्रं गप्प.
खालून कुणी ठोकतंय का, एवढंच ऐकायचं.
ओबदुलियाची मूठही वर होती.
बाकीच्यांनी हात खाली घेतले
तरी तिची तशीच राहिली.
तिला वाटलं, शिवणयंत्राचा आवाज येतोय.

बावीस साली तिसऱ्यांदा.
सराव बारा एकोणीसला, धक्का एक पाचला.
रस्त्यावर लोक एकमेकांकडे बघून हसले,
ते हसू मी नंतर कुठेच पाहिलं नाही.
वरच्या मजल्यावर गणित शिकवणारा इलारिओ
पायजम्यावरच उभा होता.
म्हणाला, काकू, याची शक्यता किती ते काढता येतं.
पाकिटाच्या पाठीवर काढूनही दाखवलं.
खूप शून्यं होती.
म्हणाला, जमिनीला तारीख कळत नाही.
ओबदुलिया म्हणाली,
पाकीट मला दे, वाण्याची यादी करायची आहे.

अठराच्या रात्री ती चपला दाराकडे तोंड करून ठेवते.
किटली धुऊन पालथी घालते.
मग ओट्याशी उभी राहून
मक्याचं पीठ मळता मळता नावं घेते:
एदुविखेस. पेत्रा, तोतरी. दुसरी पेत्रा.
क्रेसेन्सिया, जिची कात्री अजून हिच्याकडे आहे.
अशी अठरा.
एकोणिसावी सोमवारीच लागली होती.
चार दिवसांत तिचं नाव कुणी विचारलं नाही,
तिला शोधायलाही कुणी आलं नाही.
केसांत लाल चाप होता, एवढंच.

तिथे ओबदुलिया थांबते.
हाताचं पीठ खरवडते.
आणि त्या पोरीच्या जागी
स्वतःचं नाव घेते.

मोजणी भरते.
गोळ्यावर ओलं फडकं टाकून
ती दिवा मालवते.